हसलेला माणूस साक्षीला येत नाही

"गंमत केली रे. एवढं काय मनाला लावून घेतोस?"

हे वाक्य ज्याच्या वाट्याला आलं नाही असा आपल्यातला एक पोरगा, एक पोरगी दाखवा. कॉलेजच्या मेसमध्ये, हापिसातल्या चहाच्या टेबलाशी, दोस्ताच्या लग्नात हळदीच्या रात्री. जागा बदलते, वाक्य तेच. आणि त्याच्या आधी जे आलेलं असतं तेही ठरलेलंच. "तुमचं बरं आहे बुवा, सरकारचे जावई!" "आज शर्ट निळा? मोर्चा-बिर्चा दिसतोय." "याला मार्क किती ते नका विचारू, फॉर्म कुठला भरला ते विचारा." मग हशा. आणि हशा चालू असतानाच आपल्या तोंडावर खिळलेले आठ-दहा डोळे : हसतो की चिडतो?

दोस्तांनो, या अर्ध्या मिनिटात माणसानं करायचं काय, एवढाच आजचा प्रश्न. कुणी म्हणेल, तिकडं वस्त्या पेटतायत आणि हे विनोदाचं काय घेऊन बसलेत. खरंय. पण मोर्चा वर्षातून दोन-चारदा निघतो, हे अर्धं मिनिट रोज येतं. त्यात गप्प बसायला शिकलेला माणूस मोर्चाच्या दिवशीही दार लावून घरात बसतो. आणि टोमण्यानं कुणी मरत नाही असं म्हणणाऱ्यांनी २०१९ चा मे महिना आठवावा. मुंबईच्या नायर रुग्णालयात शिकणारी आदिवासी डॉक्टर पायल तडवी गेली. वरच्या वर्षाच्या डॉक्टरांनी जातीवरून टोमणे मारून छळलं असा तिच्या घरच्यांचा आरोप आहे. निकाल कोर्ट देईल. मला प्रश्न पडतो तो वेगळाच : असं बोलणं जिथं चालतं तिथं आजूबाजूला माणसं असतात की नाही?

शिवी आणि विनोद यांत फरक काय, ते आधी नीट बघू. शिवी सरळ असते. देणारा देतो, घेणारा घेतो नाहीतर परत फेकतो. व्यवहार दोघांचा. विनोदाला मात्र तिसरा लागतो. तिसरा हसला नाही तर विनोद झालाच नाही. म्हणजे आपल्यावर केलेला विनोद आपल्याला दिलेला नसतोच. तो आपल्या डोक्यावरून बाकीच्यांना वाटलेला असतो, पेढ्यासारखा. ज्यानं पेढा खाल्ला तो त्या घरच्या आनंदात सामील झाला. हसणं ही सही आहे, कागद न वाचता ठोकलेली.

गावगाड्यात हे सगळं उघड होतं. चावडीवर पाटलानं महाराची टिंगल करायची आणि महारानं "जी मायबाप" म्हणत आधी हसायचं. बाकीचे नंतर. कुणी कुणावर विनोद करायचा आणि कुणी त्यावर हसायचं, हेसुद्धा वतनच होतं, पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेलं. उलट दिशेनं एक शब्द गेला तर साऱ्या वाड्यावर बहिष्कार. पीठ-मीठ बंद, पाणी बंद. १९५८ च्या कायद्यानं महारकी वतन मोडलं. हसण्याचं वतन काही त्या कायद्याच्या यादीत नव्हतं. ते शहरात आलं, शिकलं, पँट घालून टेबलाशी बसलं. आता त्याला म्हणतात 'खिलाडूपणा'. "जरा स्पोर्टिंगली घ्या ना!" म्हणजे जोहार घाला. फक्त उभं राहून न घालता खुर्चीत बसून घातला तरी चालेल, एवढी प्रगती.

आणि इथं कायद्याचंही एक गणित आहे, ते कार्यकर्त्यानं पाठ करून ठेवावं. १९५५ साली अस्पृश्यता गुन्हे कायदा आला, १९७६ साली त्याचा नागरी हक्क संरक्षण कायदा झाला, १९८९ साली ॲट्रॉसिटी कायदा आला. २६ जानेवारी २०१६ पासून लागू झालेल्या दुरुस्तीनं तर जातीचं नाव घेऊन शिवीगाळ करणं स्वतंत्रपणे लिहून ठेवलं. शिवी महाग झाली. मग अपमानानं कपडे बदलले. कारण कायदा अपमानाच्या बाबतीत दोन गोष्टी विचारतो : हेतू होता का, आणि लोकांच्या देखत झालं का. विनोद दोन्हीकडून सुटतो. हेतू? "अहो, गंमत केली." लोकांच्या देखत? "आपलीच मंडळी होती की हो." २०२० साली हितेश वर्मा खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की घराच्या चार भिंतींआड, बाहेरचं कुणी हजर नसताना झालेलं बोलणं या कलमात बसत नाही. ठीक. पण कॅन्टीनमध्ये झालं, वीस जणांच्या देखत झालं, समजा. साक्षीला कोण येणार? ज्यानं त्या वेळी दात काढले तो कोर्टात उभा राहून "होय, अपमान झाला" असं म्हणेल? त्याची सही झालेली आहे. हसलेला माणूस साक्षीला येत नाही.

आता आपण. आपल्यापुढं सवर्ण सभ्यतेनं दोनच वाटा मांडलेल्या असतात. हसून घालव, तर तू 'आमच्यातलाच', 'बाकीच्यांसारखा नाहीस'. हे बक्षीस फार घातक, यात आपण एकटे सुटतो आणि बाकीची वस्ती मागं सोडतो. नाहीतर चिडून उठ, तर "बघा, यांना विनोदबुद्धीच नाही, लगेच ॲट्रॉसिटी लावतात." दोन्ही वाटांनी त्यांचंच खरं. तिसरी वाट आपली हुशार पोरं काढतात : उलट टोला. भटजीवर, शेंडीवर, दक्षिणेवर एक खणखणीत. मला ही वाट मनापासून आवडते. सत्यशोधक जलशांनी हेच केलं. आंबेडकरी जलशांनी, भीमराव कर्डकांसारख्या माणसांनी, तमाशातली गण-गवळण बाजूला सारली पण सोंगाड्याचं हसणं ठेवलं, त्याचं तोंड फक्त सावकाराकडं आणि भटाकडं वळवलं. तेव्हा आंबेडकरी माणसाला विनोद कळत नाही असं म्हणणाऱ्यानं आधी एखादा जलसा ऐकावा. पण जलसा आपल्या चौकात होता, आपल्या माणसांपुढं. मेसच्या टेबलावर आपण एकटे आणि ते नऊ. तिथं टोला लागला तरी नऊ जण हसत नाहीत. टोल्यालाही तिसरा लागतोच.

मग बुद्धाकडं जाऊ. अक्कोस सुत्तात एक भारद्वाज ब्राह्मण चिडून येतो आणि तथागताला वाटेल तसं बोलतो. बुद्ध त्याला विचारतात, तुझ्याकडं पाहुणे येतात का? त्यांच्यापुढं तू जेवण मांडतोस का? आणि त्यांनी ते घेतलं नाही तर ते कुणाचं राहतं? माझंच, असं तो म्हणतो. तसंच हे, मी घेतलं नाही, तुझं तुलाच राहिलं. आपल्याकडं शिबिरात ही गोष्ट हमखास सांगतात आणि शेवटी म्हणतात : म्हणून भावांनो, रागावू नका, सोडून द्या. इथं मी थांबतो. कारण भारद्वाज एकटा आला होता. त्याच्या मागं हसणारं टोळकं नव्हतं. आणि त्यानं शिवी दिली होती, विनोद वाटला नव्हता. आपण ताट घेतलं नाही तरी बाकीच्या नऊ जणांनी पोटभर जेवून घेतलेलं असतं, त्याचं काय? शिवाय तथागताला त्या ब्राह्मणाकडून खोली भाड्यानं घ्यायची नव्हती, इंटर्नलचे मार्क घ्यायचे नव्हते, बढतीच्या कागदावर त्याची सही लागणार नव्हती. आपल्या माणसाची अर्धी भाकर त्या टेबलावर असते. त्याचं गप्प बसणं हे क्षांती आहे की भीती, हे बाहेरून ओळखता येत नाही. कधी कधी त्याला स्वतःलाही नाही.

म्हणून माझं म्हणणं हे आहे की आपण प्रश्नच चुकीच्या माणसाला विचारत आलोय. ज्याच्यावर विनोद झाला त्यानं कसं वागावं, त्यानं शालीन कसं राहावं, यावर केवढी प्रवचनं! ज्याच्या पायावर धोंडा पडला त्यानंच सुरात ओरडायचं? जबाबदारी त्याच्या शेजारी बसलेल्याची आहे. विनोद तिसऱ्यावर जगतो, तर तो मारायचाही तिसऱ्यानंच.

हे बुद्धाच्याच घरात सापडतं. दीघ निकायातलं पहिलं सुत्त, ब्रह्मजाल, काढून बघा. राजगृहाहून नालंदेच्या वाटेवर तथागत भिक्खूंसह चाललेत. मागून सुप्पिय नावाचा परिव्राजक येतोय आणि वाटभर बुद्धाची, धम्माची, संघाची निंदा करतोय. त्याच्याबरोबर त्याचा तरुण शिष्य आहे, ब्रह्मदत्त. आणि हा पोरगा काय करतो? गुरूच्या तोंडावर गुरूला खोडून काढतो. वाटभर. ज्याची निंदा चाललीय त्यानं तोंड उघडलेलं नाही. निंदा करणाऱ्याच्या बाजूचाच माणूस बोलतोय. पुढं भिक्खूंना बुद्ध सांगतात की माझी निंदा झाली म्हणून रागावू नका, रागावलात तर समोरचा बरोबर बोलतोय की चूक हेच तुम्हाला कळणार नाही. पण तिथंच थांबत नाहीत. जे खोटं आहे ते खोटं म्हणून उलगडून दाखवा, हे असं नाही, आमच्यात असं नाही, असं सांगा, हेही सांगतात. शिबिरवाले पहिला भाग सांगतात आणि दुसरा गाळतात. रागावू नका म्हणजे गप्प बसा असं कुठं आहे?

शेजारी नसला की काय होतं त्याचा एक दाखला. २०१२ साली एका कार्यक्रमाच्या व्यासपीठावरून नट रणदीप हुडानं मायावतींवर एक घाणेरडा विनोद सांगितला. चार वेळा उत्तर प्रदेशाची मुख्यमंत्री झालेली बाई, आणि विनोद काय, तर तिच्या दिसण्यावर. तो इथं लिहिणार नाही. लिहिला की वाटला जातो. समोरच्या शिकल्यासवरल्या लोकांत हशा पिकला. २०२१ च्या मे महिन्यात ती फीत पुन्हा फिरली, आपल्या पोरापोरींनी आवाज उठवला, आणि स्थलांतरित वन्यप्राण्यांसाठीच्या संयुक्त राष्ट्रांच्या करारानं त्याला सदिच्छादूत पदावरून काढलं. चांगलं झालं. पण नऊ वर्षं! आणि हसलेल्या त्या सभागृहाला कुणी काही विचारलं का? शिक्षा एकाला झाली. सह्या करणारे घरी गेले, जेवले, झोपले.

दुसरा दाखला अवघड आहे, आणि तो टाळून चालणार नाही. मे २०१२. अकरावीच्या राज्यशास्त्राच्या पुस्तकात शंकर यांचं १९४९ चं व्यंगचित्र होतं : राज्यघटनेच्या गोगलगायीवर बसलेले बाबासाहेब, मागं चाबूक घेतलेले नेहरू. संसदेत गदारोळ झाला. सुहास पळशीकर आणि योगेंद्र यादव या सल्लागारांनी राजीनामे दिले, आणि लगोलग पुणे विद्यापीठातल्या पळशीकरांच्या कचेरीची मोडतोड झाली. तेव्हा विद्वान म्हणाले, यांना व्यंगचित्र वाचता येत नाही. खोटं. आपल्याला ते फार चांगलं वाचता आलं. ज्या वर्गात शंभरातली नव्वद पोरं आधीच कोट्यावरून हसतात, त्या वर्गात चाबकाखालचा बाबासाहेब दाखवला की तिथं बसलेल्या आपल्या पोराला काय होतं, ते पुस्तक करणाऱ्यांच्या ध्यानात आलं नाही. पुढं २०१९ साली उन्नमती श्याम सुंदर यांनी त्या काळातल्या इंग्रजी पत्रांतली बाबासाहेबांवरची व्यंगचित्रं गोळा करून 'नो लाफिंग मॅटर' हे पुस्तक काढलं. ती एकापुढं एक ठेवली की दिसतं : बाबासाहेब कधी बुटके, कधी बाईच्या वेषात. एकटं चित्र गंमत वाटतं, रांग लावली की सवय दिसते. श्याम सुंदरनं जे केलं ते खुर्च्या मोडून झालं नसतं. कचेरी फोडली त्या दिवशी सगळी चर्चा खुर्च्यांवर गेली आणि चित्र सुटलं. बाबासाहेबांनी आयुष्यभर लेखणीनं आणि पुराव्यानं मारलं. दगडाचं उत्तर त्यांना सुचत नव्हतं असं थोडंच आहे?

तर शेजाऱ्यानं करायचं काय? फार काही नाही. पहिलं म्हणजे हसायचं नाही. हे वाटतं तितकं सोपं नाही, कारण हसू सवयीनं येतं, बाकीचे हसले की येतं. दुसरं, विचारायचं. "मला कळलं नाही, परत सांगा की." सांगणारा परत सांगतो, निम्म्या आवाजात. "म्हणजे? यात हसण्यासारखं काय आहे?" मग त्याला आपल्या तोंडानं म्हणावं लागतं की हा त्या जातीचा आहे म्हणून. विनोद उलगडून सांगायला लावला की तो तिथंच मरतो आणि आतली जात उघडी पडते. आवाज चढवायची गरज नाही. चढवायचाच असेल तर कुठं चढवायचा ते आपण ठरवावं, समोरच्यानं डिवचून नव्हे. आणि तिसरं, भर टेबलावर आपल्या मित्राकडं वळून "तुला वाईट वाटलं का रे?" असं विचारायचं नाही. त्यानं त्याला दुसऱ्यांदा मध्यभागी उभं केलं जातं. त्याच्याशी नंतर बोला, बाहेर, चालता चालता. आणि प्रकरण वर गेलं तर साक्षीला उभे राहा, नाव घालून, तारीख घालून.

एक माणूस मात्र आपल्या हिशेबात कधी येत नाही. आडनाव बदललेला, किंवा ज्याच्या आडनावावरून काही कळत नाही असा. त्याच्यापुढं विनोद बिनधास्त होतात, कारण 'इथं त्यांच्यातलं कुणी नाही'. बोलला तर उघडा पडेल, घरमालक महिन्याभरात खोली सोडायला लावील. नाही बोलला तर रात्री स्वतःच्या तोंडावर थुंकावंसं वाटेल. आपले कार्यकर्ते अशांना पळपुटे म्हणतात. हापिसातले शिपाईमामा साहेबाच्या विनोदावर हसतात म्हणून त्यांना लाचार म्हणतात. मला हे पटत नाही. निवृत्तीला चार वर्षं राहिलेल्या माणसाकडून आपण धाडस मागतो, ते कशाच्या जोरावर? मामांच्या वाटचं बोलायला तिथं तू होतास ना? तुझी नोकरी पक्की होती ना? मग तू बोलायचं होतंस.

आणि आता आपल्या वस्तीत येऊ. इथं मघाचे नऊ आपण असतो.

मातंग पोरं अजून देवळाच्या पायरीवरून उठत नाहीत, यावर आपल्या कट्ट्यावर किती टाळ्या पडतात? १ ऑगस्टच्या मिरवणुकीवर आपण काय काय बोलतो? मेहतर पोरगा बैठकीला आला की नाकाला हात लावायची ती 'गंमत'? "बाईच्या हातात माईक दिला, आता जेवण थंड." तृतीयपंथीयाच्या टाळीची नक्कल. उत्तरेकडून आलेल्या मजुराच्या बोलीची नक्कल. काळ्या रंगावर, तोही आपल्याच बहिणींच्या. हे सगळं करताना आपल्या गळ्यात निळा दुपट्टा असतो. आणि कुणी टोकलं तर आपल्या तोंडून कुठलं वाक्य निघतं? ते या लेखाच्या पहिल्याच ओळीत आहे, शोधायला लांब जायला नको.

कुणी म्हणेल, आपण खालचे, आपला विनोद वेगळा. भटावर, सावकारावर, मंत्र्यावर केला तर वेगळाच. त्याला हसायची सक्ती नसते, दुसऱ्या दिवशी त्याची भाकर जात नाही. पण मेहतर पोराच्या डोक्यावरून वाटलेला पेढा कुठल्या दुकानातला आहे? तो चावडीवरचाच. उतरंडीत खालून दुसऱ्या मडक्यानं सगळ्यात खालच्या मडक्यावर हसावं ही या व्यवस्थेची सगळ्यात जुनी गंमत आहे, आणि ती वरच्यांना फुकटात बघायला मिळते.

त्या वेळी आपल्यात कोण ब्रह्मदत्त होतो हे बघायचं आहे. वाट आपलीच, टोळकं आपलं, बोलणारा दादा आपला, वयानं मोठा, चळवळीत तुरुंगात जाऊन आलेला. त्याला खोडायचं म्हणजे सवर्ण साहेबाला खोडण्याहून अवघड. साहेबापुढं बोललं तर वस्तीत मान वाढतो. दादापुढं बोललं तर पुढच्या बैठकीचा निरोप येत नाही.

१४ एप्रिल जवळ आला की पट्टी गोळा होईल, मंडप ठरेल, गाण्याची पार्टी ठरेल. निवेदक ठरवताना कमिटीनं त्याला आधी बसवून विचारावं, दोन गाण्यांच्या मध्ये काय काय सांगणार आहात. बायका पुढं बसलेल्या असतात, मागल्या गल्लीतली मेहतरांची पोरं खांबाला टेकून उभी असतात. आणि साऊंडवाल्याशेजारी एक शहाणा पोरगा, नाहीतर पोरगी, बसवून ठेवावी. बटणाची माहिती असलेली.